यादी फिरवणारा

बस. ती खुर्ची नको, तिचा एक पाय लंगडा आहे. इकडे कट्ट्यावर ये. तुला सहदेव घाडीची गोष्ट सांगतो. आधीच सांगून ठेवतो, हिच्यात खून नाही, मारामारी नाही, बाईची भानगड नाही. कोर्ट आहे, पण कोर्टाची पायरी काय मी तुला चढवत नाही. एका शनिवारी दुपारी एका साध्या माणसाच्या डोक्यात काय काय ढवळलं, तेवढंच सांगणार. पण शेवटपर्यंत ऐक बाबा. अर्ध्यातून उठलास तर एका भल्या माणसाबद्दल तुझ्या मनात वाईट राहून जाईल, आणि ते पाप माझ्या डोक्यावर.

पंच्याऐंशी साल. दुसरा शनिवार, म्हणजे सरकारी ऑफिसं बंद. अंधेरीला गुंदवलीच्या चाळीत सहदेव जेवून दारात बसला होता. अंगात बनियन, दाताच्या फटीत बांगड्याचा काटा अडकलेला, तो जिभेनं ढकलत होता. तेवढ्यात पोस्टमन येऊन उभा राहिला आणि म्हणाला, "घाडी, सही करा." एवढंच. पण सहदेवची काटा ढकलणारी जीभ थांबली. कारण हे दोन शब्द त्याचे होते. अठ्ठावीस वर्षं एका सरकारी ऑफिसात (कुठलं ते विचारू नकोस, सगळी सारखीच) वही काखेत मारून तो टेबलाटेबलाला गेला होता आणि हेच म्हणाला होता. सही करा साहेब. सही करा बाई. सही कर रे. आधी शिपाई, मग नाईक, म्हणजे शिपायांतलाच एक बोट वरचा, आणि तिथंच अडकला होता. आज कुणीतरी त्यालाच म्हणत होतं. त्यानं पेन घेतलं, सही केली, आणि सही करताना मान आपोआप वर गेली, पाकिटावर काय लिहिलंय ते न बघता. पोस्टमन हसला. "अहो, तुमचंच आहे ते. बघा तरी."

हे असंच होतं त्याचं. नोकरीच्या पहिल्या दिवशी ऑफिसातल्या म्हाताऱ्या जमादारानं त्याला बाकावर शेजारी बसवून सांगितलं होतं, "पोरा, कागद म्हणजे दुसऱ्याचा जेवणाचा डबा. पोचवायचा. झाकण उघडून आत काय भाजी आहे ते बघायचं नाही. ज्यानं बघितलं तो शिपाई नव्हे, चोर." जमादार कधीच मेला, पण सहदेवच्या अंगात ते असं मुरलं की बास. त्याला नाईक केल्याचा हुकूम निघाला ना, तो हुकूम त्यानं स्वतःच अर्धा दिवस टपालात फिरवला. या टेबलावरून त्या टेबलावर, त्या टेबलावरून या टेबलावर. शेवटी एक कारकून ओरडला, "अरे गाढवा, तुझीच बढती आहे, कुणाला देत फिरतोस!" अख्खं ऑफिस हसलं. सहदेवपण हसला. पण आतून त्याला बरं वाटलं होतं, का माहितीये? आपण अजून डबा उघडलेला नाही म्हणून.

पाकीट वकिलाचं होतं. आत इंग्रजी टाईप केलेले चार कागद. सहदेवला मराठी वाचता यायचं, इंग्रजी नाही. पण प्रत्येक पानाच्या खाली मराठी सही होती, आणि ती त्याला वाचायची गरजच नव्हती. अशा हजारो सह्या त्यानं घेतलेल्या. कुंडलिक खरात. त्याचा जुना जोडीदार. आणि दोन वर्षांपासून कोर्टातला त्याचा प्रतिवादी.

सहदेवची मुलगी क्षमा कॉलेजात जायची. तिनं कागद घेतले, उंबरठ्यावर बसून आधी मनात वाचले, आणि सहदेव तिच्या ओठांकडे बघत राहिला. तिचे ओठ हलायचे थांबले. "बाबा," ती म्हणाली, "हे कुंडलिककाकांचं अ‍ॅफिडेव्हिट आहे. कोर्टाला शपथेवर लिहून दिलंय. पण हे तुमच्या विरुद्ध नाहीये."

"मग?"

"तुमच्या बाजूनं आहे. ऐका. म्हणतात, चौऱ्याहत्तर साली नोकरीच्या ज्येष्ठतेची यादी निघाली, ती घाडींनी माझ्याकडे सहीला आणली. मी ती वाचली. त्यात घाडींचं नाव माझ्या खाली होतं. ते चूक आहे हे मला त्याच क्षणी कळलं, कारण ते माझ्या पाच महिने आधी लागलेत. मी गप्प राहिलो. पुढं त्या यादीवरूनच मला दफ्तरीची जागा मिळाली. घाडी हातातला कागद कधीही वाचत नाहीत, हे मी त्यांच्या शेजारी सतरा वर्षं बसून पाहिलं आहे. म्हणून त्यांनी यादी वाचून हरकत घेतली नाही, हे म्हणणं खरं नाही." क्षमानं वर बघितलं. "बाबा, अहो, म्हणजे केस आपल्याकडे आली!"

आतून जानकी, सहदेवची बायको, हात पुसत आली. तिची मालवणी तोंडाला आली म्हणजे समजायचं की रागावली. "मगे अकरा वर्सां तोंडात गुळणी धरून बसलेलो काय तो? आता उपकार करता!"

सहदेव उठला. काटा तेवढ्यात निघाला होता, पण जीभ अजून तिथंच फिरत होती. त्यानं खुंटीवरचा शर्ट काढला. "घाटकोपरला जाऊन येतो," म्हणाला. जानकी दोन मिनिटं धुसफुसली आणि मग कागदात कोकमाची सोलं बांधून त्याच्या हातात कोंबली. "रिकाम्या हातान जाव नको. आणि भांडान येव नको."

घाटकोपरची बस गुंदवलीहून साकीनाक्यावरून जाते. शनिवारी दुपारी बसमध्ये माणसं कमी. सहदेव खिडकीशी बसला, सोलांची पुडी मांडीवर, तिचा आंबट वास नाकात. कंडक्टरनं तिकिटाला भोक पाडलं. टक. आणि त्या आवाजासरशी सहदेवला रेकॉर्ड रूम आठवली, दाभणानं फाईलला भोक पाडल्याचा आवाज अगदी असाच असतो. तुला सांगतो, दफ्तरी म्हणजे लोकांना वाटतं शिपायाचा थोरला भाऊ. पण सहदेवला ती जागा देवळासारखी वाटायची. जुने कागद शिवायचे, पुठ्ठे बांधायचे, लाल कापडाच्या रुमालात गठ्ठे बांधून रॅकवर चढवायचे, चाळीस वर्षांपूर्वीचा कागद मागितला तर डोळे मिटून काढून द्यायचा. गव्हाच्या पिठाची खळ शिजवायची, किडा लागू नये म्हणून तिच्यात मोरचूद टाकायचं, मग ती निळसर दिसते आणि तिला एक कडू वास येतो. तरणा असताना जेवणाच्या सुट्टीत सहदेव आणि कुंडलिक दोघं म्हाताऱ्या दफ्तरीपाशी जाऊन बसायचे आणि शिवायला शिकायचे. सहदेव कोकणातला, कुंडलिक माणदेशातला. एक मासे खाणारा, एक बाजरीची भाकरी. म्हातारा म्हणायचा, तुमच्यातला जो सीनियर असेल तो माझ्या जागेवर बसेल, दुसऱ्यानं त्याला रोज चहा आणून द्यायचा. दोघं हसायचे. सीनियर कोण हे दोघांनाही ठाऊक होतं. सहदेव जूनमधला, कुंडलिक नोव्हेंबरमधला.

आणि शहात्तर साली हुकूम आला तो कुंडलिकच्या नावाचा.

त्या दिवशी सहदेवनं काय केलं? काही नाही केलं. साहेबांनी केलं म्हणजे बघूनच केलं असेल. हा त्याचा स्वभाव. पण शिपायांच्या बाकावर कुजबूज सुरू झाली. "खरात त्यांच्या कोट्यातून बसला रे. आपण काय, बसा टपाल वाहत." कुंडलिक बौद्ध, म्हणून. आणि इथं बस साकीनाक्याच्या चढाला लागली, इंजिन घुरघुरलं, कारखान्याच्या भट्टीचा गरम वारा खिडकीतून तोंडावर आला, आणि सहदेवनं खिडकीपासून तोंड आत वळवलं. कारण त्याला ठाऊक होतं की ते खोटं आहे. पहिल्या दिवसापासून ठाऊक होतं. हुकूम निघायच्या आधी तो साहेबांच्या दाराबाहेर उभा होता आणि साहेब फोनवर बोललेले त्यानं स्वतःच्या कानांनी ऐकले होते, "ही जागा खुली आहे, राखीव नाही, सरळ यादीप्रमाणे देऊन टाका." कागद वाचायचा नाही हे खरं, पण कानाला काय झाकण असतं? म्हणजे कुंडलिक यादीनं बसला हे अख्ख्या बाकावर एकट्या सहदेवला माहीत होतं. आणि लोक म्हणायचे कोट्यातून, तेव्हा तो बिडी ओढत गप्प बसायचा. एकदा नाही, वर्षानुवर्षं. हो म्हणाला नाही कधी. पण नाहीपण म्हणाला नाही. त्या गप्प बसण्यात त्याला थोडं बरं वाटायचं, जखमेवर फुंकर घातल्यासारखं. जानकी म्हणाली, अकरा वर्षं तोंडात गुळणी. आणि माझ्या तोंडात काय होतं, असं सहदेवच्या मनात आलं, आणि त्यानं पुडी या मांडीवरून त्या मांडीवर घेतली.

खरी भानगड ब्याऐंशी साली उघडी पडली. युनियनचा राजाराम म्हणून एक माणूस, पेन्शनची तयारी म्हणून सगळ्यांची सर्व्हिस बुकं तपासत होता. तो धावत आला. "सहदेव, तू तर वरचा रे! या यादीत पंधरावा कसा?" तर झालं होतं असं. बाकी सगळ्यांची नोकरी लागल्या तारखेपासून धरलेली, आणि सहदेवची धरली ती कायम झाल्या तारखेपासून. कुण्या कारकुनाची डुलकी. राजारामनं अर्ज लिहिला. ऑफिसनं तीन महिन्यांनी उत्तर दिलं, आणि ते उत्तर राजारामनं दोनदा वाचलं. यादीवर हरकत घ्यायला पंधरा दिवस दिले होते. अर्जदारानं घेतली नाही. आणि यादी सर्वांना दाखवून सह्या आणणारा इसम अर्जदार स्वतःच होता. "आयला," राजाराम म्हणाला, "तूच फिरवलीस?" सहदेव म्हणाला, हो, मीच फिरवली. "मग तुझी सही कुठाय तिच्यावर?" माझी कशाला, मी फिरवणारा ना. अधीक्षकांनी विचारलं, झाल्या का सगळ्यांच्या सह्या, मी म्हटलं, झाल्या साहेब. आता या येडेपणाला काय म्हणशील? वरातीत सगळ्यांना पानसुपारी वाटली आणि नवरा आपणच आहोत हे विसरला.

सहदेवनं धरलेला वकील म्हणाला, कोर्टात जाऊ, पण ज्याला जागा मिळाली त्यालाही प्रतिवादी करावं लागेल, तसा कायदाच आहे. सहदेव म्हणाला, त्यानं काय केलंय? वकील म्हणाला, काही केलं नसलं तरी. मग त्र्याऐंशी साली कोर्टाची नोटीस ऑफिसात आली, कुंडलिकच्या नावाची. आणि ऑफिसात नोटीस आली की ती पोचवायची कुणी? वहीत तिची नोंद झाली, वही सहदेवच्या काखेत आली, आणि तो जिना उतरून रेकॉर्ड रूमच्या दारात उभा राहिला. खळीचा कडू वास. कुंडलिकनं चष्म्यावरून बघितलं. "कशाचं रे?"

"माहीत नाही. सही कर."

पेनचा आवाज तेवढा झाला. मग पाकीट फाडल्याचा. सहदेव जिना चढून आला आणि त्या दिवसापासून दोघं बोलले नाहीत. कॅन्टीनमध्ये एक आला की दुसरा उठायचा. सतरा वर्षं खांद्याला खांदा लावून बसलेली माणसं.

बस असल्फ्याच्या टेकडीखालून चालली होती. वर घरावर घर चढलेलं, दोरीवरची धुणी उन्हात पांढरी मारत होती. आणि इथं सहदेवच्या मनात ती गोष्ट आली जी अ‍ॅफिडेव्हिट ऐकल्यापासून आत कुठंतरी टोचत होती. ज्याला तो काटा समजत होता ना, ती ही. क्षमानं वाचलं, घाडी हातातला कागद कधीही वाचत नाहीत. आणि ते ऐकताना सहदेवला डोळ्यांपुढं एक कागद दिसला होता. सायक्लोस्टाईलचा, शाई जरा पसरलेली, आणि खालच्या बाजूला पंधराव्या आकड्यापुढं त्याचं नाव. स. धों. घाडी. स्पष्ट. हे चित्र कुठून आलं? ब्याऐंशी साली राजारामनं दाखवला तेव्हाचं? की चौऱ्याहत्तरचं, यादी हातात होती तेव्हाचं? तो आठवायला लागला. त्या दिवशी उकडत होतं. यादी पुठ्ठ्याला चिमट्यानं लावलेली. चिमटा गंजलेला. एक बाई म्हणाली, माझं पेन परत आणून दे हं. हे सगळं आठवतं, मग कागद? डोळा पडला असेल का? एकदा? चालता चालता? आणि खाली नाव दिसून आपण मनातल्या मनात म्हटलं असेल का, की असू दे, साहेबांनी बघूनच केलं असेल? हे वाक्य तर आपलंच आहे. नेहमीचं. म्हणजे म्हटलंही असेल.

आणि तसं असेल तर, तुला कळतंय ना, तसं असेल तर ऑफिस खरं आणि आपण खोटे. तेही चाललं असतं. पण कुंडलिकनं शपथ घेतलीय. सरकारचा वकील त्याला तयार अ‍ॅफिडेव्हिट देत असणार, इथं सही कर म्हणून, आणि ते न करता यानं स्वतःचं वेगळं लिहिलं. स्वतःची जागा, ती खोली, तो किल्ल्यांचा जुडगा, सगळं पणाला लावलं. कशाच्या भरवशावर? तर सहदेव घाडी झाकण उघडत नाही या भरवशावर. आणि घाडीनं उघडलं असेल तर? सहदेवनं पुढच्या बाकाची दांडी धरली. त्याला वाटलं, उतरावं आणि परत जावं. केस जिंकतोय ना, जिंकू दे. पण तो दांडी धरून तसाच बसला. आणि बस घाटकोपरला लागली.

पंतनगरच्या बिल्डिंगीत कुंडलिक दुसऱ्या माळ्यावर. दार उघडंच. कुंडलिकची बायको राधा तांदूळ निवडत होती. तिनं सहदेवला बघितलं आणि सूप खाली ठेवलं नाही. "या," म्हणाली. "आमच्या ह्यांनी बसलेली जागा हातानं सोडली. बघायला आलात का कसं वाटतं ते?"

"राधे, गप," आतून आवाज आला.

"का गप? लोकं कोटा कोटा म्हणून तोंडावर बोलली तेव्हा पण गप, आता पण गप?"

कुंडलिक जमिनीवर बसला होता, भिंतीवरल्या बुद्धाच्या आणि बाबासाहेबांच्या तसबिरीखाली. पुढ्यात कुठल्या तरी विहारातली जुनी पोथी, पानं सुटलेली, ती शिवत होता. वाटीत निळसर खळ. त्यानं वर न बघता म्हटलं, "ये. बस. धाग्यावर पाय देऊ नको."

सहदेव बसला. सोलांची पुडी कुठं ठेवावी ते कळेना म्हणून हातातच धरून बसला. दोन वर्षांनी बोलायचं म्हणजे तोंडाला गंज चढलेला असतो रे. शेवटी त्यानं जे सगळ्यात जड होतं तेच आधी काढलं. "कुंडल्या, तू लिहिलंयस ते खोटं असेल."

"काय?"

"मी यादी वाचली असेन. मला नाव दिसतंय डोळ्यांसमोर. पंधरावा नंबर. कधी बघितलं ते आठवत नाही. तू माझ्यासाठी शपथ घेतलीस आणि मी..."

कुंडलिकनं सुई खाली ठेवली. चष्मा काढला. आणि हसायला लागला. हळूहळू, पोट हलवत. "आरं लेका, दिसतंय म्हणे! तुझ्या डोळ्यांचं तुला काय माहीत? तू कागद दिलास की काय करतोस ते कधी बघितलंयस का तू? समोरचा वाचायला लागला की तू खिडकीकडं तोंड करतोस. सतरा वर्षं. साहेब असू दे, बाई असू दे, मी असू दे. त्या दिवशी पण तसाच. मी यादी घेतली, वाचली, तुझं नाव खाली बघितलं, आणि वर बघितलं तर तू खिडकीतून कबुतरं मोजत उभा. तुझी ती पाठ मला अजून दिसती गड्या. अकरा वर्षं दिसती. तू एकदा जरी वळला असतास ना, तरी मी बोललो असतो. पण तू वळला नाहीस, आणि मला गप बसायला सोपं गेलं."

राधानं सूप खाली ठेवलं. सहदेवला मोकळं वाटलं, बूट काढल्यावर पाय सुटतात तसं. स्वतःचीच एक गोष्ट त्याच्याकडून हरवली होती आणि ती या माणसानं अकरा वर्षं सांभाळून ठेवली होती. ठेवताना त्याला ती टोचली, जाळली, तरी फेकून दिली नाही.

"मग आता का बोललास?" सहदेवनं विचारलं.

"नोटीस आणलीस त्या दिवशी तू खोटं बोललास. मी विचारलं कशाचं, तू म्हणालास माहीत नाही. तुला माहीत होतं. तुझ्या तोंडून मी पहिल्यांदा खोटं ऐकलं. म्हटलं, आपल्या गप बसण्यानं हा माणूससुद्धा नासायला लागला. मग झोप लागेना. दोन वर्षं लागली धीर करायला. भित्रा आहे मी, काय करू?"

"मी जास्त भित्रा," सहदेव म्हणाला. आणि मग त्यानं साहेबांच्या फोनचं सांगितलं. जागा खुली होती, हे त्याला ठाऊक होतं. बाकावर लोक कोटा म्हणायचे, तेव्हा त्यानं एकदाही तोंड उघडलं नाही. सांगताना त्यानं मान खाली घातली नाही, राधाकडे बघून सांगितलं. कारण खरं म्हणजे ते तिला सांगायचं होतं.

राधानं हात पदराला पुसले. "ते आम्हाला ऐकू यायचं भाऊजी," ती म्हणाली. "सगळं ऐकू यायचं. आमच्या पोरीला शाळेत पण ऐकायला लागलं." एवढंच. ओरडली नाही. ओरडली असती तर बरं झालं असतं, असं सहदेवला वाटलं. मग तिनं हात पुढं केला. "काय आणलंय पुडीत?"

"सोलं. जानकीनं दिलीत."

"तिला म्हणावं, पाठवलीत बरं केलंस. आणि सोमवारी ऑफिसात बाकावर बसाल ना, तेव्हा ते फोनचं सगळ्यांपुढं सांगायचं. माझ्या घरात सांगून काय उपयोग?"

"सांगतो," सहदेव म्हणाला. आणि सांगितलं हं त्यानं. सोमवारी, चहाच्या वेळेला, सात माणसांपुढं. दोघांनी त्याच्याशी बोलणं टाकलं. त्यानं मनावर घेतलं नाही.

पण ते सोमवारचं. त्या शनिवारी तो तिथंच बसून राहिला. आभार मानावे असं त्याला फार वाटत होतं, पण आपल्यात आभार सभेत मानतात, हार घालून. घरात बसलेल्या माणसाला काय म्हणायचं? कुंडलिकनं सुई ओवली, पोथीला टाका घातला, आणि धाग्याचं दुसरं टोक सहदेवकडे टाकलं. "धर. ताणून धर. सैल सोडलास तर पानं हलतात." सहदेवनं धरलं. उन्हं उतरेपर्यंत धरून बसला. बोट लाल झालं, कापलं, तरी त्यानं बदललं नाही. तांदूळ शिजल्याचा वास आला, खाली मैदानात कुणीतरी क्रिकेटवरून शिव्या घालत होतं, आणि सहदेवला वाटलं की कोर्टात काय व्हायचं ते होवो, मला माझी जागा मिळाली.

कोर्टानं शहाऐंशी साली निकाल दिला. सहदेव घाडीला शहात्तर सालापासून दफ्तरी धरा. आणि खरातनं स्वतः होऊन खरं सांगितलं, त्याला आता खाली ढकलू नका, आहे तिथंच राहू द्या. मग काय, रेकॉर्ड रूममध्ये दोन दफ्तरी आणि किल्ल्यांचा जुडगा एक. सकाळी याच्या कमरेला, दुपारी त्याच्या. अधीक्षक कपाळाला हात लावायचे. पण जुने कागद म्हणे सहदेव रिटायर होईपर्यंतच्या दीड वर्षात जेवढे नीट बांधले गेले तेवढे आधी कधी नाहीत.

आता दोघं रिटायर. रविवारी सहदेव पंतनगरला असतोच. तू कधी त्या बाजूला गेलास तर जरूर जा त्यांच्याकडे. माझं नाव सांग, राधावहिनी उपाशी सोडायची नाही. सोलकढी मागून घे, आता ती जानकीच्या वरचढ करते. गप्पा मार, विड्या ओढ, हवं तर कोर्टाचंही विचार. फक्त एक कर माझ्यासाठी. दोघांत सीनियर कोण, ते तेवढं विचारू नकोस. सहदेव म्हणतो कुंडलिक, वयानं मोठा आहे, मनानं मोठा आहे. कुंडलिक म्हणतो सहदेव, कोर्टाचा कागद आहे. कुणी मागं हटत नाही, आवाज चढतात, शेजारी दारात येतात, आणि वहिनीचा चहा गार होतो. नको विचारूस बाबा.